दोन वर्षं इकडची तिकडे

पुण्याहून तो फोन आला तेव्हा मी ग्रंथालयात वाळवी लागलेल्या पुस्तकांवर चडफडत बसले होते. मोबाईलवर गोष्टी ऐकवणारी एक कंपनी आहे, तिच्यासाठी मी काही वर्षांपासून रहस्यकथा लिहिते. कॉलेजातल्या ग्रंथालयाच्या नोकरीनं माणूस मरत नाही, पण जगतोय असंही म्हणवत नाही, म्हणून हा उद्योग. माझ्या गोष्टींत खून होतात, बायका गायब होतात, पडक्या विहिरीत पेट्या सापडतात. परभणीत बसून मी हे सगळं घडवते आणि लोक ते भांडी घासताना ऐकतात.

कंपनीचा संपादक वयानं माझ्याहून बराच लहान, पण बोलतो असा की सगळं जग हिंडून आलाय.

"मॅडम, या वेळी थ्रिलर, पण काळ वाकवायचा," तो म्हणाला. "एक आई आहे. तिचं मूल धोक्यात आहे. मुलाला वाचवायला ती पुन्हा पुन्हा मागं जाते. प्रत्येक फेरीत काहीतरी चुकतं. शेवटी वाचवते."

"मुलं किती?"

"एकच ठेवा. दोन झाली की ऐकणारा गोंधळतो."

मी हो म्हणाले आणि फोन ठेवल्यावर हसले. ते काही चांगलं हसू नव्हतं. काळ वाकवणारी आई शोधायला मला कुठं लांब जायची गरज नव्हती. ती त्या वेळी माझ्याच घरी होती. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं, डोळ्यांवर काळा चष्मा होता आणि चहात साखर कमी पडली म्हणून तिची शेजारणीकडे तक्रार चालू होती.

आमच्या भागात वाढलेल्यांना हे सांगावं लागणार नाही, इतरांसाठी सांगते. दर एक जूनला माझ्या फोनवर वाढदिवसांचा पूर येतो. माझं गाव झरी, आणि माझ्या पिढीतलं निम्मं झरी एक जूनला जन्मलेलं आहे. एका दिवशी एवढ्या बाया खरंच बाळंत झाल्या असत्या तर सुइणी गाव सोडून पळाल्या असत्या. आमच्या आयांना तारखा ठाऊक नसायच्या. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी झाली, ज्वारी काढायला आली होती तेव्हा झाला, असा हिशोब. मग गुरुजी पोराला उजवा हात डोक्यावरून घेऊन डावा कान धरायला सांगायचे. कान हाताला लागला की सहा वर्षं पुरी. तारीख एक जून. साल गुरुजींच्या अंदाजानं, नाहीतर आई सांगेल ते.

माझ्या आईनं हे साल दोनदा वाकवलं. एकदा पुढं, एकदा मागं.

अक्का, म्हणजे माझी बहीण, माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी. ती चार वर्षांची असताना आईनं तिला शाळेत नेऊन सहाची म्हणून सांगितली. कान काही हाताला लागला नाही. आई म्हणाली, बापावर गेलीय, हात आखूड आहेत. गुरुजी हसले आणि त्यांनी नाव घातलं. हे मला अक्कानं सांगितलेलं. तिला तो हात डोक्यावर ताणून उभं राहिलेलं अजून आठवतं.

त्यामुळं झालं असं की अक्का कागदावर अठराची झाली तेव्हा खरी सोळाची होती. जिंतूरच्या पलीकडचं स्थळ आलं. वडील म्हणाले, कायद्यानं पोरगी अठराची झाली, आता कुणाच्या बापाला भ्यायचं कारण नाही. त्या दिवशी आई चुलीपुढं बसून ओरडली की ती सोळाचीच आहे, सोळाचीच आहे. मी सात वर्षांची होते, मला ते ओरडणं लख्ख आठवतं. पण तिनंच सांगितलेलं वय आता तिच्यापुढं येऊन उभं होतं. लग्न झालं. दिवाळी झाली की अक्का नवऱ्याबरोबर ऊसतोडीला जायला लागली. पहिलं लेकरू पोटातच गेलं, उसाच्या फडावर.

बैल गेला अन् झोपा केला, म्हणतात तसं पुढच्या जूनमध्ये आईनं मला शाळेत नेलं. आमच्याकडे पोरगी वर्ष-दीड वर्ष उशिरा शाळेत जाणं काही नवं नव्हतं, पण मी चांगली आठ वर्षांची घोडी झाले होते. माझा हात डोक्यावरून जाऊन कान ओलांडून गालापर्यंत आला. आई म्हणाली, सहाचीच आहे, हात लांब आहेत. एकाच बापाच्या दोन लेकी, एकीचे हात आखूड, एकीचे लांब. गुरुजींनी तेही लिहून घेतलं.

पहिलीत मी सगळ्यांहून वीतभर उंच होते. पोरं मला मास्तरीण म्हणायची. पण अठराव्या वर्षी जेव्हा माझ्यासाठी स्थळं यायला लागली तेव्हा कागदावर मी सोळाची होते, आणि आई दारात उभी राहून पाहुण्यांना सांगायची, "पोरगी लहान हाय. पोलीस येतेत. जेवून जा." वडिलांना कायद्याचा फार पुळका होता, तोच कायदा तिनं त्यांच्या गळ्यात बांधला. त्या दोन वर्षांत मी बारावी केली, परभणीला वसतिगृहात आले आणि हातची निसटले. आजही कागदावर मी आहे त्याहून दोन वर्षांनी तरुण आहे. याचा तोटा एवढाच की ग्रंथालयातून सुटका दोन वर्षं उशिरा होणार.

आता असं काही करता येत नाही. लेकरू दवाखान्यात नीट रडायच्या आत त्याची तारीख आणि वेळ कंप्युटरवर चढते. चांगलंच आहे ते. पण आईच्या हातात जे एकच हत्यार होतं ते गेलं, एवढं मला दिसतं.

अक्काचं म्हणणं सरळ होतं. "माझी दोन वर्षं कापली अन् त्याचं ठिगळ तुला लावलं." हे ती मला रागानं म्हणायची नाही. माझ्यावर तिचा राग नव्हताच. तिला आईकडून एक वाक्य हवं होतं, की मीच सांगितलं गुरुजींना, माझ्यामुळं झालं. बाकी काही नको होतं, लुगडं नको, चोळी नको. आणि आई ते वाक्य देत नव्हती.

"गुरुजीनं लिवलं," ती म्हणायची. "मला काय लिवता-वाचता येतंय? त्यांनी लिवलं ते लिवलं."

"तू बोललीस, आई. मी तिथंच हुते."

"चार वर्षांच्या लेकराला काय आठवतंय!"

"मंजे चारची हुते, हे तरी खरं ना?"

मग आई उठून जनावराला पाणी दाखवायला जायची. पंचमीला हेच, दिवाळीला हेच, वडील गेले त्या दहाव्याच्या दिवशीसुद्धा हेच. अक्का माहेरी यायची ती पाहुण्यासारखी. सकाळच्या एसटीनं आली की संध्याकाळच्या एसटीनं परत. आईच्या घरी ती लग्नानंतर मुक्कामाला राहिल्याचं मला आठवत नाही. मला दोघींचा राग यायचा, पण खरं सांगायचं तर आईचा जास्त. मी तिच्याच खोटेपणावर शिकले होते, तिचा खोटेपणा मी माझ्या डोळ्यांनी बघितला होता. एक वाक्य बोलायला तिचं काय जात होतं?

तर मी गोष्ट लिहायला घेतली आणि त्यात माझा एक डावही होता. गोष्टीतली आई काळ मागं फिरवून जूनच्या त्या सकाळी जाते. शाळेच्या दारात उभी राहते. या फेरीत ती खरं वय सांगते. पोरगी वाचते. ही गोष्ट आईला वाचून दाखवायची, अक्का समोर असताना. गोष्टीतली बाई कबूल होते, मग खरीच्या तोंडूनही निघेल, असं मला वाटलं. रहस्यकथा लिहून लिहून माणसाला वाटायला लागतं की सगळी माणसं आपल्या शेवटच्या प्रकरणापाशी गपगुमान येऊन बसतील.

संपादकाला पहिला भाग पाठवला तर त्याचा लगेच फोन.

"मॅडम, भाषा छान. पण धोका कुठाय? ही बाई मागं जाऊन शाळेत वय सांगते. यात थ्रिल काय? चुकीची जन्मतारीख हा काही व्हिलन होत नाही."

"आमच्याकडे होतो," मी म्हणाले.

"तसं नाही. कोणीतरी माणूस पाहिजे. ऐकणाऱ्याला भीती वाटली पाहिजे की मूल आता सापडतंय त्याच्या हातात."

मी त्याला मनातल्या मनात झरीच्या भाषेत काही बोलले आणि तोंडानं बघते म्हणाले. दोन-तीन फेऱ्या लिहिल्या. एकीत पोरीला पळवणारा ट्रकवाला घातला, एकीत मांत्रिक. करायला गेले गणपती अन् झाला मारुती. सगळं खोडलं आणि पुन्हा तीच जूनची सकाळ ठेवली.

अर्ध्या-अर्ध्या दिवसाची घेतलेली माझी रजा संपली. आईच्या डोळ्यांत तासातासाला थेंब घालायला कोणीतरी हवं होतं. मी अक्काला फोन केला. ती येणार नाही असं मला वाटलं होतं, पण आली. कारखाने बंद होऊन ती फडावरून नुकतीच परतली होती, हाताच्या चिरा भरायच्या होत्या. आल्या आल्या तिनं माझ्या स्वयंपाकघराची तपासणी केली, तिखट कुठल्या दुकानातून आणतेस म्हणून मला झाडलं आणि आईला विचारलं, "दिसायलंय का?"

"धुरकट दिसतंय," आई म्हणाली. "तू वाळलीस."

"धुरकट दिसतंय तर वाळलेली बरी दिसले!"

चार दिवस दोघी बऱ्या राहिल्या. अक्का थेंब घालायची, आई डोकं मागं टाकून गुमान बसायची. अक्काचा एक विनोद ठरलेला होता, तो तिनं तेव्हाही केला. कागदावर ती दोन वर्षांनी म्हातारी, त्यामुळं म्हातारपणचा सरकारी पगार तिला दोन वर्षं आधी सुरू होणार. "तेवढाच फायदा झाला आईच्या किरपेनं," ती म्हणाली.  मी म्हटलं, आता वाचून टाकावी.

रविवारची दुपार होती. जेवणं झाली होती, अक्का खाली बसून मेथी निवडत होती. आई पलंगावर. मी लॅपटॉप घेतला आणि म्हणाले, माझी नवी गोष्ट ऐका.

"भुताची असंल तर नगं," आई म्हणाली.

"भुताची नाही. आईची आहे."

मी वाचायला लागले. पोरगी कोवळी, लग्न ठरलेलं, आई रडते, आणि एक दिवस अशी जागी होते की बाहेर बारा वर्षांपूर्वीची सकाळ आहे. अक्काला दुसऱ्याच पानावर कळलं कोणाची गोष्ट आहे. तिची बोटं मेथीत थांबली आणि पुन्हा चालू झाली. मी वाचत गेले. गोष्टीतली आई पोरीला घेऊन शाळेत जाते. गुरुजी विचारतात, वय काय? ती म्हणते, चार. गुरुजी म्हणतात, मग दोन वर्षांनी आणा. ती पोरीला घरी घेऊन येते. पोरगी घरी राहते, खेळते, वेळेवर शाळेत जाते—

"घरी?" आई म्हणाली.

मी थांबले. "हो."

"घरी कोणापाशी राहती?"

"म्हणजे काय? घरी. घरचे असतात ना."

"तिची माय कुठं असती?"

"ती कामाला जाते. कापूस वेचायला."

"मग पोरगी कोणापाशी राहती, ते लिव की. ते कामून लिवलं न्हाई?"

आईचा आवाज चढला होता. मला वाटलं डाव लागू पडला. मी जरा जोरातच म्हणाले, "आई, ही गोष्ट आहे. हिच्यातली आई खरं वय सांगते, एवढंच आहे. एवढं तुलाही करता आलं असतं."

आई पलंगावर सरळ बसली. मग काळ्या चष्म्यामागून जिकडे अक्काचा आवाज यायचा तिकडे तोंड करून म्हणाली, "मीच सांगितलं गुरुजीला. सहाची हाय म्हणून. मीच. बस?"

अक्कानं मेथी खाली ठेवली. तीस वर्षं जे वाक्य तिनं मागितलं ते असं, चिडून, अंगावर फेकल्यासारखं मिळालं.  मीच विचारलं, का?

"रानात नेलं त इच्चू चावला तिला. पिंगळीला बहिणीकडं ठेवावं त तिच्या घरी धा तोंडं. अंगणवाडी दोन घंट्यात लेकरं सोडायची. अन् घरी..." आई थांबली. "घरी दिवसभर कोण असायचं? तुमचा बाप रानात, मी रानात. घरी तुमचे थोरले काका."

तिनं पुढं काही सांगितलं नाही आणि मला विचारायचं सुचलं नाही. पण मला सगळं कळलं. थोरले काका म्हणजे वडिलांचे मोठे भाऊ, बिनलग्नाचे. मी जन्मायच्या आधीच ते गेले, मला ते फक्त भिंतीवरच्या फोटोतले माहीत. दरवर्षी पित्राला त्यांच्या नावाचं पान वाढलं जायचं आणि थोरली लेक म्हणून ते माळवदावर कावळ्यापुढं ठेवायला, लग्न होईपर्यंत, अक्का जायची. आई त्या वेळी खाली चुलीपाशी पुऱ्या तळत असायची. धोका कुठाय म्हणून तो पुण्याचा पोरगा माझ्या मागं लागला होता, आणि मी त्याला ट्रकवाला देत होते.

"शेजारच्या पोरीचं कळलं हुतं मला," आई म्हणाली. "कोणाला सांगणार? तुमच्या बापाला सांगितलं असतं त त्यांनी मलाच मारलं असतं. भावाला देव मानायचे. मग मी म्हनलं, शाळंत घालावी. शाळा सुटायची अन् मी रानातून यायचे, टाईम एकच. दोन वर्षं जास्तीची लागली त लागली. वय काय खायचं हाय? पोरगी त वाचली." तिला दम लागला होता. "पुढं लगीन असं अंगावर येईल, हे मला काय माहीत? मला तवा फक्त तो दिवस दिसत हुता. अन् हे तुला कसं सांगू, बाई? वाचली हुतीस तू. वाचलेल्या लेकराला कामून सांगायचं?"

इतकी वर्षं मी आईला खोटारडी समजत होते. त्या क्षणी मला तिच्या पाया पडावंसं वाटलं. मी अक्काकडे पाहिलं. वाटलं, आता ही उठेल, आईच्या गळ्यात पडेल, आणि झालं गेलं निस्तरेल.

अक्का उठली नाही. ती मेथीच्या काड्या वेगळ्या करत होती, पानं एकीकडे, काड्या एकीकडे.

"शनिवारी शाळा सकाळची राहायची, आई," ती म्हणाली.

आईला कळलं नाही. "मंजे?"

"शनिवारी शाळा दुपारच्या आत सुटती. सगळीकडंच. तवाबी सुटायची."

आई कधी शाळेत गेलेली नव्हती. अक्काच्या वेळीही ती माझ्या वेळेसारखीच रानात जायची, सातही दिवस, दिवस बुडायला परत. शनिवारी ती घरी यायची तेव्हा पोरगी रोजच्यासारखी घरात असायची, दप्तर रोजच्यासारखं खुंटीला असायचं. तिला कोण सांगणार होतं?

तिनं काळा चष्मा काढला. डॉक्टरांनी काढू नका म्हणून बजावलं होतं. लाल झालेल्या डोळ्यांनी ती अक्काकडे बघत राहिली. तिला धुरकट दिसत होतं की स्वच्छ, मला माहीत नाही.

"किती शनिवार?" तिनं विचारलं.

"मला काय मोजता येत हुतं?" अक्का म्हणाली. "चार वर्षांची हुते मी."